चिखलाच्या पोटात हवा नेणारी निवटी

निवट्या बाजारात जिवंतच येतात. पापलेट, सुरमई, बोंबील बर्फावर पडलेले असतात आणि त्यांच्या शेजारी टोपलीत निवट्यांची वळवळ चाललेली असते. टोपलीत पाणी नसते, फार तर थोडा ओला चिखल असतो. सकाळच्या ओहोटीला धरलेली निवटी दुपारच्या गिऱ्हाइकाच्या पिशवीत पडेपर्यंत तग धरून राहते. उरण, पनवेल, अलिबागकडच्या मासळीबाजारांत हे दृश्य नवे नाही, म्हणून कोणी थांबून त्याकडे पाहत नाही. पण एवढ्याशा, बोटाएवढ्या जाडीच्या माशाने पाण्याशिवाय इतका वेळ जगावे, यामागे निसर्गातली एक थक्क करणारी व्यवस्था आहे आणि ती आपल्या खाड्यांत रोज दोनदा उघड्यावर येते.

मुंबई-रायगडच्या बाजारात जी मुख्यतः निवटी म्हणून विकली जाते, तिचे शास्त्रीय नाव बोलिओफ्थॅल्मस डुसुमिएरी. खरबे-गोबी मंडळींच्या मोठ्या गोतावळ्यातला हा मासा. इराक-इराणच्या किनाऱ्यापासून पाकिस्तानमार्गे भारताच्या पश्चिम किनाऱ्यापर्यंत तो आढळतो. जगाला त्याची शास्त्रीय ओळख झाली ती मुंबईतूनच. झां-जाक द्युसुमिए नावाचा एक फ्रेंच व्यापारी एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात हिंदी महासागरात ये-जा करी आणि जाईल त्या बंदरातून मासे, पक्षी, प्राणी गोळा करून पॅरिसच्या संग्रहालयाला देई. त्याने मुंबईहून नेलेल्या नमुन्यांवरून आशिल व्हालांसिएन या मत्स्यशास्त्रज्ञाने १८३७ साली या जातीचे वर्णन प्रसिद्ध केले आणि नावात द्युसुमिएची आठवण ठेवली. आपल्या ताटातल्या मांदेलीच्या शास्त्रीय नावातही हाच माणूस आहे. म्हणजे मांदेली आणि निवटी, आपल्या बाजारातल्या दोन अगदी घरच्या मासळ्या, एका फ्रेंच व्यापाऱ्याचे नाव घेऊन जगभरच्या ग्रंथांत नोंदल्या गेल्या आहेत.

निवटी वीतभर लांब होते, बहुतेक बाजारात येतात त्या त्याहून लहान. अंग लांबट, गोलसर, शेपटीकडे चपटे होत गेलेले. रंग चिखलाचाच, हिरवट-करडा, त्यावर तिरके गडद पट्टे. पण उन्हात नीट पाहिले तर डोक्यावर, गालांवर आणि पाठीच्या परांवर निळसर-पांढऱ्या ठिपक्यांची रांगोळी दिसते. मेलेल्या माशात हे ठिपके पार मावळतात. डोके बोजड, तोंड रुंद, आणि डोक्याच्या अगदी माथ्यावर एकमेकांना खेटून वर आलेले दोन डोळे. चिखलाच्या डबक्यात अंग पूर्ण बुडालेले असताना हे दोन डोळे तेवढे बाहेर असतात.

या माशाचे घर समजून घेतल्याशिवाय मासा समजणार नाही, आणि घर म्हणजे चिखल. ठाण्याची खाडी, धरमतरची खाडी, वैतरणा, उल्हास, कुंडलिका, सावित्री यांची मुखे, जिथे नदीचा वेग मंदावतो आणि समुद्राचे पाणी आत शिरते, तिथे डोंगरावरून आलेली बारीक माती शतकानुशतके साचत आली आहे. भरतीला हा सगळा प्रदेश पाण्याखाली असतो. ओहोटी लागली की तिवरांच्या पुढे उघडा, चकचकीत, गुडघाभर खोल चिखल पसरलेला दिसतो. आपल्या किनाऱ्यावर चोवीस तास पन्नास मिनिटांच्या फेऱ्यात दोन भरत्या आणि दोन ओहोट्या येतात. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास उधाण असते, तेव्हा मुंबईजवळ पाण्याच्या पातळीत चार मीटरांहून अधिक चढउतार होतो. अष्टमीच्या सुमारास भांगाचे दिवस, तेव्हा हा चढउतार बराच कमी असतो. वरच्या अंगाच्या चिखलाला त्या दिवसांत भरतीचे पाणी धड पोचतही नाही.

अशा जागी राहायचे म्हणजे काय ते पाहा. दिवसातून दोनदा पाणी, दोनदा कोरडे. पावसाळ्यात नदीचा लोट आला की पाणी जवळजवळ गोडे होते, उन्हाळ्यात त्याच जागी मीठ फुटते. आणि चिखलाच्या आत तर प्राणवायूच नाही. वरचा पातळसा थर तांबूस-करडा दिसतो, पण बोट खुपसले की खालून काळा चिखल वर येतो आणि सडक्या अंड्याचा वास सुटतो. तो हायड्रोजन सल्फाइडचा. बहुतेक माशांना हा वायू विष आहे. म्हणून समुद्रातले मासे भरतीबरोबर इथे चरायला येतात आणि ओहोटीबरोबर परत जातात. निवटी जात नाही.

ती जात नाही याचे कारण ओहोटीतच तिचे जेवण असते. उघड्या पडलेल्या चिखलावर ऊन आले की थोड्याच वेळात त्यावर सोनेरी-तपकिरी झाक चढते. ही झाक डायटम नावाच्या सूक्ष्म शैवालांची. एकेक डायटम म्हणजे काचेसारख्या सिलिकेच्या पेटीत राहणारी एक पेशी. ओहोटीच्या वेळी, उजेड असताना, या पेशी चिखलाच्या कणांमधून सरकत वर येतात, सूर्यप्रकाशात अन्न तयार करतात आणि भरतीचे पाणी येण्याआधी पुन्हा आत शिरतात. खाडीतल्या कितीतरी जिवांचे पोट या न दिसणाऱ्या शेतीवर चालते. ठाण्याच्या खाडीत हिवाळ्यात येणारे लहान रोहित पक्षी याच पापुद्र्यावर चोच फिरवतात. निवटीही त्याच पंगतीतली.

तिचे चरणे जवळून पाहण्यासारखे आहे. धक्क्याच्या कडेला किंवा पुलाच्या कठड्याशी निश्चल उभे राहिले की आत पळालेल्या निवट्या एकेक करून बाहेर येतात. आधी डोळे, मग डोके, मग एका झटक्यात सगळे अंग. ती थोडी पुढे सरकते, तोंड उघडते, खालचा जबडा चिखलावर टेकवते आणि डोके डावीकडे-उजवीकडे, डावीकडे-उजवीकडे असे फिरवत पुढे जाते. खालच्या जबड्यातले दात उभे नसतात, ते पुढच्या दिशेने जवळजवळ आडवे असतात, त्यामुळे वरचा पापुद्रा तेवढा खरवडला जातो. मागे चिखलावर अर्धवर्तुळांची एक नक्षी उरते. तोंड भरले की ती डबक्यात जाते, तोंडात पाणी घोळवते, गाळ बाहेर सोडते आणि डायटम गिळते. मग अंग एका कुशीवर कलंडवून ओले करून घेते, आणि परत खरवडायला लागते. ही कूस ओली करण्याची क्रिया ती पुनःपुन्हा करते. तिची त्वचा वाळली तर तिचा श्वास कोंडेल.

कारण निवटी त्वचेनेही श्वास घेते. माशाचे कल्ले पाण्यात काम करण्यासाठी घडलेले असतात, हवेत त्यांच्या नाजूक पाकळ्या एकमेकींना चिकटतात आणि प्राणवायू शोषणारा पृष्ठभाग उरतच नाही. चिखलात राहणाऱ्या या माशांनी ही अडचण अनेक बाजूंनी सोडवली आहे. कल्ल्यांवरची झाकणे घट्ट मिटता येतात, त्यामुळे आतल्या पोकळीत थोडे पाणी आणि हवा धरून ठेवता येते. तोंडाच्या आणि घशाच्या आतल्या अस्तरात रक्तवाहिन्यांचे दाट जाळे असते. त्वचेलगतही केशवाहिन्या असतात. ओल असेपर्यंत या सगळ्या वाटांनी हवेतला प्राणवायू रक्तात जातो. बाजारातल्या टोपलीतली निवटी तासन्‌तास जिवंत राहते ती याच बळावर. तिच्या अंगाची ती बुळबुळीत चिकट तिला वाळू देत नाही.

तिच्या नात्यातल्या काही जाती तर याहून पुढे गेल्या आहेत. मलेशिया-सिंगापूरकडे पेरिओफ्थॅल्मोडॉन श्लोसेरी नावाचा पंचवीस सेंटिमीटरपर्यंत वाढणारा एक थोराड भाऊबंद आहे. त्याच्या कल्ल्यांच्या पाकळ्या आडव्या पडद्यांनी जोडलेल्या असतात, म्हणून त्या हवेत कोलमडत नाहीत. मात्र पाण्यातून श्वास घ्यायला त्या तितक्याच गैरसोयीच्या ठरतात. हा मासा पाण्यापेक्षा हवेत जास्त सुखी असतो.

चालण्याबद्दल लोकांना सर्वांत जास्त कुतूहल असते. छातीचे पर निवटीला हातांचे काम देतात. त्यांच्या मुळाशी स्नायूंचा मांसल भाग असतो आणि त्यात खांद्यासारखा एक व कोपरासारखा दुसरा, असे दोन सांधे असतात. दोन्ही पर एकाच वेळी पुढे टाकायचे, त्यांवर भार देऊन अंग उचलायचे आणि पुढे सोडायचे, ही तिची चाल. कुबड्यांवर चालणारा माणूस दोन्ही कुबड्या एकदम पुढे टेकवून अंग झोकतो, तसे. पोटाखालचे दोन पर एकमेकांना जुळून त्यांची एक वाटी झालेली असते, ती चिखलाला धरून ठेवते. पेरिओफ्थॅल्मस गणातले लहान मासे या वाटीच्या जोरावर तिवरांच्या मुळांवर आणि दगडांवर चढून बसतात. भरती आली की ते पाण्यापासून पळून वर चढतात, निवटी मात्र बिळात शिरते. घाई असेल तेव्हा चालणे बाजूला राहते. शेपूट एका बाजूला वळवून झटका दिला की मासा हवेत उडी घेतो.

डोळ्यांची गोष्ट त्याहून सुंदर आहे. मासे पापण्या मिटत नाहीत, त्यांना गरजच नसते, पाणी सतत डोळे धूत असते. हवेत बाहेर आल्यावर मात्र डोळा वाळतो, त्यावर चिखल उडतो. या माशांच्या डोळ्यांखाली त्वचेची एक खोलगट वाटी असते. डोळा खाली खेचून त्या वाटीत बुडवायचा, ओला करायचा आणि पुन्हा वर आणायचा, अशी ही उघडझाप. त्यांना अश्रुग्रंथी नाहीत. अंगावरची चिकट आणि आजूबाजूचे पाणी यांनीच डोळा माखला जातो. २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात असे दाखवण्यात आले, की हे मासे आपल्याप्रमाणेच तीन कारणांसाठी डोळे मिटतात : ओलावा राखण्यासाठी, कचरा काढण्यासाठी आणि इजा टाळण्यासाठी. आणि ही सवय त्यांच्यात आपल्याहून अगदी स्वतंत्रपणे, वेगळ्या मार्गाने आली.

मांसाहारी भाऊबंदांची खाण्याची युक्तीही सांगायला हवी. जमिनीवर जीभ नसेल तर भक्ष्य तोंडात ओढायचे कसे? पाण्यात मासा तोंड उघडून पाण्याबरोबर भक्ष्य आत ओढतो, हवेत ते जमत नाही. पश्चिम आफ्रिकेतल्या पेरिओफ्थॅल्मस बार्बेरस या जातीवर २०१५ साली झालेल्या संशोधनात दिसले, की हा मासा तोंडात पाणी घेऊनच बाहेर पडतो. भक्ष्यावर झेप घेताना ते पाणी थोडे बाहेर सोडतो, ते भक्ष्याला वेढते आणि लगेच भक्ष्यासकट परत ओढून घेतले जाते. जिभेचे काम पाणी करते.

इथे एक समज दूर करायला हवा, कारण तो पाठ्यपुस्तकांतल्या चित्रांमुळे फार पसरला आहे. चालणारा मासा पाहिला की लोक म्हणतात, हाच तो, पाण्यातून जमिनीवर आलेला आपला पूर्वज. तसे नाही. चार पायांच्या प्राण्यांचे पूर्वज मांसल परांच्या वेगळ्याच माशांत होते. कॅनडाच्या उत्तर टोकाकडे सापडलेला आणि २००६ साली जगापुढे आलेला टिक्टालिक हा त्या वाटेवरचा जीवाश्म सुमारे ३७ कोटी ५० लाख वर्षांपूर्वीचा आहे. निवटी किरणपरांच्या माशांत मोडते, म्हणजे बांगडा, रावस, बोय यांच्या बाजूची. ती आपली आजी नाही आणि जमिनीवर येण्याच्या अर्ध्या वाटेवर अडकलेलीही नाही. तिला जमिनीवर यायचेच नाही. पाणी आणि जमीन यांच्यामधला पट्टा हेच तिचे गाव आहे आणि त्या गावात ती पुरती स्थिरावलेली आहे.

ती कशी स्थिरावली हे बिळात उतरल्यावर कळते. माझ्या मते या माशाचे खरे नवल चालण्यात नाही, ते त्याच्या बिळात आहे. तोंडाने चिखलाचे घास काढून काढून निवटी आणि तिचे भाऊबंद बीळ खणतात. काही बिळे सरळ खाली जातात, काहींना दोन तोंडे असतात, काही खाली जाऊन पुन्हा वर वळतात. भरतीच्या वेळी हेच आसरास्थान, कारण पाण्याबरोबर मोठे मासे शिकारीला येतात. कडक ऊन आणि थंडीतही आसरा तिथेच. प्रश्न एकच. बिळात साचलेल्या पाण्यात प्राणवायू जवळजवळ नसतो, भोवतीचा काळा चिखल तो शोषून घेतो. मोठा मासा थोडा वेळ कळ काढील. पण अंड्यांचे काय? ती तर दिवसेंदिवस त्याच बिळात वाढायची असतात.

याचे उत्तर हळूहळू उलगडले. जपानच्या नागासाकी विद्यापीठातले आत्सुशी इशिमात्सु आणि त्यांचे सहकारी यांनी १९९८ साली मलेशियातल्या श्लोसेरी माशांवरचे निरीक्षण प्रसिद्ध केले. हे मासे पृष्ठभागावर तोंडात हवा भरतात, बिळात शिरतात आणि आतल्या एका कोनाड्यात ती हवा सोडतात. कोनाडा वरच्या बाजूने बंद असतो, त्यामुळे हवा तिथेच अडकून राहते. असे घासाघासाने हवेचे कोठार भरले जाते. चिखलाच्या पोटात, जिथे प्राणवायूचा मागमूस नसतो, तिथे हवेची एक खोली तयार होते आणि तिथली हवा संपत आली की पुन्हा भरली जाते.

पुढची पायरी २००७ साली पुढे आली. जपानी किनाऱ्यावरच्या पेरिओफ्थॅल्मस मोडेस्टस या लहान जातीत इशिमात्सु यांच्याच गटाने पाहिले, की मादी या हवेच्या खोलीच्या छताला आणि भिंतींना अंडी चिकटवते आणि राखण नर करतो. प्रत्येक ओहोटीला तो वर येतो, तोंडात हवा घेतो, खाली जातो, हवा सोडतो, पुन्हा वर येतो. अंडी पाण्यात नाहीत, दमट हवेत वाढतात. माशाची अंडी, पाण्याखाली गाडलेल्या खोलीत, हवेत! आणि पिल्ले तयार झाली की बाप उलटे काम सुरू करतो. रात्रीच्या भरतीला, पाणी बिळावर आले असताना, तो खोलीतली हवा घासाघासाने तोंडात घेऊन बाहेर नेऊन टाकतो. हवा गेली की तिची जागा पाणी घेते, अंडी बुडतात आणि बुडताच फुटतात. अंधारात, भरलेल्या पाण्यात, पिल्ले बाहेर पडतात. जितक्या नेमाने हवा आत नेली तितक्याच नेमाने ती नेमक्या वेळी बाहेर काढायची, हे त्या बोटभर माशाला साधते. मला या एका वर्तनापुढे चालणे, उड्या मारणे सगळे फिके वाटते. आपल्या निवटीच्या बिळाचा असा बारकाईने अभ्यास व्हावा, आपल्याच विद्यापीठांतल्या कोणी तरुणाने तो करावा, असे मनापासून वाटते.

बिळाच्या कोंडलेल्या जागेत आणखी एक धोका असतो, अमोनियाचा. मासे शरीरातला नत्रयुक्त टाकाऊ भाग अमोनियाच्या रूपाने कल्ल्यांतून पाण्यात सोडतात, पाणी तो वाहून नेते. कोरड्यावर किंवा अरुंद बिळात वाहून नेणारे पाणी नसते. सिंगापूरच्या संशोधकांनी दाखवले आहे की श्लोसेरी मासा बाहेर अमोनियाचे प्रमाण जास्त असतानाही, ऊर्जा खर्च करून, तो बाहेर ढकलू शकतो. निवटीच्या गणातला बोडार्टी मासा पाण्याबाहेर असताना प्रथिनांचे विघटनच कमी करतो, म्हणजे विष तयारच कमी होते. २०१४ साली या गोतावळ्यातल्या चार जातींचे जनुकीय आराखडे एकत्र प्रसिद्ध झाले, तेव्हा अमोनिया बाहेर टाकणे, दृष्टी, वास आणि रोगप्रतिकार यांच्याशी संबंधित जनुकांत या राहणीच्या खुणा दिसल्या.

निवटी शेजाऱ्यांशी कशी वागते हे आखाती देशांत फार चांगले अभ्यासले गेले. कुवेतच्या किनाऱ्यावरचे मोकळे चिखलपट्टे पाहणाऱ्या अभ्यासकांनी १९८२ साली लिहिले, की तिथे निवट्या आपापल्या बिळाभोवती चिखलाचे बांध घालतात आणि जिथे त्यांची दाटी असते तिथे या हद्दी पंचकोनी होतात. बांधाला बांध लागून सगळा चिखल वाफ्यांनी आखलेला दिसतो. बांधामुळे ओहोटीतही आत थोडे पाणी टिकते, अंग ओले ठेवता येते आणि आपल्या वाफ्यातले डायटम आपल्यालाच राहतात. हद्दीवर दुसरी निवटी आली की पाठीचा पर ताठ उभारायचा, तोंड फाकायचे, आणि तरी न हटली तर अंगावर जायचे. पाठीचा पर उभा राहिला की त्यावरचे निळे ठिपके एकदम उजळतात. विणीच्या काळात नर हवेत उड्या मारून लक्ष वेधून घेतात.

शत्रू पुष्कळ. वंचक आणि बगळे बिळाच्या तोंडाशी तासभर निश्चल उभे राहतात. खंड्या तिवराच्या फांदीवरून सूर मारतो. खाडीतले पाणसाप बिळांतून फिरतात. आणि माणूस. खाडीकाठचे आगरी-कोळी लोक ओहोटीला चिखलात उतरून बिळात हात घालून निवट्या धरतात. कोणत्या बिळात निवटी आणि कोणत्यात चिंबोरी हे ओळखायला अनुभव लागतो, चुकले तर नांगी बोट सोडत नाही. घरी आणलेल्या निवट्यांना राखेत किंवा मिठात घोळवून त्यांची चिकट काढतात, मग त्यांचे आंबट-तिखट कालवण किंवा सुके होते. चव गोडसर, काटा थोडा. ज्यांनी लहानपणापासून ती खाल्ली आहे त्यांना तिची सर दुसऱ्या मासळीत सापडत नाही, आणि शहरात वाढलेल्यांना बाजारात ती ओळखताही येत नाही.

जपानमध्ये निवटीच्या सख्ख्या नात्यातल्या मासळीला, मुत्सुगोरोला, मानाचे स्थान आहे. क्यूशू बेटावरच्या आरिआके समुद्रात भरती-ओहोटीचा फरक सहा मीटरपर्यंत जातो. तिथले कोळी चिखलावर लाकडी फळी टाकून एका गुडघ्यावर बसतात, दुसऱ्या पायाने फळी ढकलत सरकतात आणि लांब दोरीला लावलेला गळ दुरून फेकून बिळाबाहेरचा मासा अचूक अडकवतात. याच आरिआके समुद्राचा इसाहाया हा उपसागर १९९७ साली सात किलोमीटरच्या बांधाने तोडण्यात आला. बांधाच्या आतला चिखल वाळला आणि तिथले मुत्सुगोरो गेले. त्यावर जपानमध्ये वर्षानुवर्षे वाद आणि खटले चालले, आणि हा लहानसा मासा त्या लढ्याचा चेहरा झाला.

आपल्याकडे चिखलासाठी कोणी रस्त्यावर येत नाही. कांदळवनांची बाजू निदान ऐकली जाऊ लागली आहे. राज्याच्या वन विभागाने २०१२ साली स्वतंत्र कांदळवन कक्ष उभारला, मुंबई उच्च न्यायालयाने २०१८ साली कांदळवनांचा नाश हा नागरिकांच्या जगण्याच्या हक्कावरचा घाला ठरवला. ठाणे खाडीचा काही भाग २०१५ पासून रोहित पक्ष्यांचे अभयारण्य आहे आणि २०२२ साली तिला रामसर यादीत स्थान मिळाले. हे सगळे मोलाचे आहे. पण तिवरांच्या पुढचा उघडा चिखल अजूनही लोकांच्या नजरेत ओसाड जागाच आहे. किनारा नियमनाच्या नियमांत जिवंत चिखलपट्ट्यांना संरक्षण आहे, तरी भराव, राडारोडा आणि कारखान्यांचे सांडपाणी पहिल्यांदा येऊन पडते ते तिथेच. निवटी चिखल खरवडून खाते, त्यामुळे चिखलात बसलेले जड धातू तिच्या शरीरात उतरतात. म्हणूनच खाडीचे आरोग्य तपासणारे अभ्यासक या माशांच्या ऊती तपासतात.

आणखी एक गुंतागुंत आहे. खाडीत गाळ साचत गेला की चिखलपट्टा उंच होतो आणि त्यावर तिवरे पुढे सरकतात. ठाण्याच्या खाडीत हे घडते आहे. वरून पाहता हिरवाई वाढली म्हणून आनंद वाटतो. निवटीला मात्र उघडा, उन्हात तापणारा चिखल हवा, कारण सावलीत डायटम कमी वाढतात. म्हणून खाडी राखायची तर झाडे मोजून भागणार नाही, झाडांपुढचा रिकामा दिसणारा पट्टाही तितक्याच काळजीने मोजायला हवा.

हा मासा पाहायला दूर जावे लागत नाही. शिवडीचा चिखल, ठाणे आणि ऐरोलीकडचा खाडीकाठ, उरणच्या बाजूची खाजणे, कोकणातल्या जवळपास कोणत्याही खाडीवरचा पूल, गोव्यात चोडण बेटावरचे सलीम अली पक्षी अभयारण्य, कुठेही चिखलात उड्या मारणारे हे मासे दिसतात. भरतीचे वेळापत्रक पाहून ओहोटी अर्धी उतरल्यावर जावे, ऊन असलेला दिवस निवडावा. चिखलात उतरू नये, तो धोक्याचाही आहे आणि बिळेही मोडतात. सावली चिखलावर पडणार नाही अशी जागा धरून स्वस्थ उभे राहावे. पहिली काही मिनिटे काहीच दिसत नाही, कारण तुम्ही येताना हललात ते सगळ्या निवट्यांनी पाहिलेले असते. दुर्बीण असेल तर आधी डोळ्यांच्या जोड्या शोधाव्यात आणि मग एकच निवटी निवडून तिच्यावरच नजर ठेवावी. ती किती वेळाने कूस ओली करते, डोळा कधी मिटते आणि बिळात शिरताना तिचे गाल फुगलेले आहेत का, हे नीट पाहावे.